खरी गोम कुठे आहे?

गेल्या पावसाळ्यात म्हशाला मावशीकडे मुक्कामाला होतो. चुलीसाठी सरपण काढताना ओल्या ओंडक्याखालून एक तपकिरी किडा पळाला. लांबट अंग, मागे शेपटीच्या जागी चिमटा. "गोम! पोरांच्या कानात जाईल!" म्हणत मावशीने चप्पल उचलली.

वाचकहो, तो किडा गोम नव्हे. गोमेला पायांच्या जोड्याच जोड्या. ती डसते आणि आगही होते. ह्याला पाय सहाच, आणि विष नाही. फार डिवचला तर चिमट्याने बोट धरील, एवढेच. बहुतेक जातींत मादीचा चिमटा सरळ, नराचा वाकडा असतो.

मावशीची भीती मात्र एकट्या म्हशाची नाही. इंग्रज ह्याला 'इअरविग' म्हणतात. जुन्या इंग्रजीत त्याचा अर्थ कानाचा किडा. जर्मन नावाचा अर्थही तसाच, तर फ्रेंचांनी 'कान टोचणारा' असेच नाव ठेवले! कानातून मेंदूत शिरतो, ही युरोपातली जुनी समजूत. ती खोटी ठरली, नाव राहिले.

जगात ह्याच्या सुमारे २,००० जाती आहेत. अंटार्क्टिका सोडून सर्व खंडांत तो सापडतो. आपल्या देशातल्या जातींवर माल्कम बर ह्या इंग्रज अभ्यासकाने १९१० सालीच ग्रंथ लिहिला. कुजका पाला, दगडाखालची ओल हे ह्याचे घर. बऱ्याच जाती मावा, अळ्या खातात. दक्षिणेत भुईमुगाच्या शेंगा पोखरणारीही एक जात आहे, तेव्हा सगळेच गुणी म्हणता येणार नाहीत. पण ह्याची मादी पाहावी! अंड्यांवर बसून राहते, बुरशी लागू नये म्हणून ती चाटून साफ करते, पिल्ले निघाल्यावरही काही दिवस राखण करते. किड्यांत असे आईपण क्वचितच.

कानात किडा जातो, हे खरे. पण तो बहुधा झुरळ नाहीतर मुंगी. अशा वेळी काडी, पिन, चाप घालून कोरणारे हात आम्ही पाहिले आहेत. किडा आत ढकलला जातो, पडदा फाटतो, पोर बहिरे होते. त्यापेक्षा पोराला कुशीवर निजवून कानात कोमट खोबरेल तेलाचे थेंब सोडावेत. किडा मरतो, वळवळ थांबते. कान वाहत असेल किंवा पूर्वी पडदा फाटला असेल तर तेलही नको. मग तडक दवाखाना गाठावा. मेलेला किडाही डॉक्टरांकडूनच काढून घ्यावा.

मावशीने हे सारे ऐकले, चप्पल खाली ठेवली. रात्री मात्र नातवंडांच्या कानांत कापूस घातलाच.