गाणं म्हणून पोट भरतं का?

"गाणं म्हणून पोट भरतं का भो?" खान्देशात गाणाऱ्या पोराला हे एकदा तरी ऐकावं लागतंच.

नारायण राजहंस नावाचा मुलगा आपल्या जळगावातच मेहबूबखाँकडे गाणं शिकला. १९०५ ला किर्लोस्कर मंडळीत गेला तो गळ्याच्या जोरावर. पुढे तेच बालगंधर्व. स्त्रीभूमिका गाजवल्या, १९१३ ला भागीदारीत गंधर्व नाटक मंडळी काढली, १९३५ ला 'धर्मात्मा' सिनेमात चक्क संत एकनाथ झाले. कर्जबाजारी झाले हेही खरं. पण ते उंची पोशाख अन् नाटकांच्या थाटामाटापायी, गाण्यापायी नाही!

कोरियातला रॉक गायक मालिकेत हिरो झाला की आपल्या घरातही कौतुक होतं. अन् अहिराणी गाणं म्हणून स्वतःच व्हिडिओत काम करणारा गल्लीतला पोऱ्या मात्र 'रिकामटेकडा'?

जळगावात बालगंधर्वांच्या नावाचं खुलं नाट्यगृह आहे. तिथे वर्षातले चार दिवस तरी या पोरांना बिनभाड्याने द्या. धुळ्यातही अशी एखादी जागा द्या. नुसते फोटोला हार घालून काय उपयोग?

पोराला इंजिनिअर जरूर करा. फक्त त्याचा गळा दाबू नका.

पटतंय का? कमेंटमध्ये सांगा.