हिल्सबरो: चाहते निर्दोष ठरायला 27 वर्षं का लागली?

ब्रिटिश फुटबॉलवरचं पुस्तक म्हटलं की निक हॉर्नबीचं 'फीवर पिच' सुचवलं जातं. छानच आहे ते. पण आधी फिल स्क्रेटन यांचं 'हिल्सबरो: द ट्रुथ' (1999) वाचा.

15 एप्रिल 1989. शेफिल्डच्या हिल्सबरो मैदानात एफए कपच्या सेमीफायनलला चेंगराचेंगरी झाली. लिव्हरपूलचे 97 चाहते गेले. शेवटचा मृत्यू 2021चा. चारच दिवसांत 'द सन'ने 'द ट्रुथ' म्हणजे 'सत्य' असा मथळा देऊन चाहत्यांनाच दोषी ठरवलं.

स्क्रेटन यांच्या पुस्तकाच्या नावातही तोच शब्द आहे. आत मात्र पोलिसांचे जबाब कसे बदलले गेले, ते आहे. 2012मध्ये स्वतंत्र पॅनेलनं आकडाच दिला: 164 जबाबांत फेरफार, त्यांपैकी 116 जबाबांतला पोलिसांना अडचणीचा मजकूर काढला किंवा बदलला. या पॅनेलच्या संशोधनाची धुरा स्क्रेटन यांच्याकडेच होती. 2016मध्ये ज्युरी म्हणाली, चाहत्यांची चूक नव्हती.

सप्टेंबर 2025मध्ये ब्रिटिश संसदेत 'हिल्सबरो कायद्या'चं विधेयक आलं. चौकशीत सरकारी अधिकाऱ्यांनी खरं सांगणं बंधनकारक करायचं, हा त्याचा गाभा. (हे कायद्यानं सांगावं लागतंय!) गुप्तचर यंत्रणांना ते कितपत लागू करायचं, यावरून वादही झाला.

लिव्हरपूलमधली अनेक दुकानं आजही 'द सन' विकत नाहीत.