सुपरमॅनची नोकरी आणि शहराचा बातमीदार

प्रतिनिधी, ठाणे

माजिवडा नाक्याच्या परिसरातील मल्टिप्लेक्समध्ये अमेरिकी महानायकांचे चित्रपट लागले की बच्चेकंपनीची गर्दी होते, यात आता नवे काही राहिलेले नाही. मात्र जुलै २०२५ मध्ये प्रदर्शित झालेल्या जेम्स गन दिग्दर्शित 'सुपरमॅन'मधील एक प्रसंग मुलांपेक्षा त्यांच्यासोबत आलेल्या पालकांनी विचारात घ्यावा, असा आहे. 'डेली प्लॅनेट' या वृत्तपत्राची बातमीदार लोइस लेन या चित्रपटात सुपरमॅनची मुलाखत घेते. दोन देशांमधील युद्धात कोणाच्या परवानगीने हस्तक्षेप केला, कोणाशी सल्लामसलत केली, असे प्रश्न ती एकामागून एक विचारू लागते आणि अचाट ताकदीचा हा महाबली चिडतो, अडखळतो. पुढे लेक्स लूथर या धनाढ्य खलनायकाचे बिंग फुटते, त्यातही 'प्लॅनेट'ने मिळविलेल्या पुराव्यांचा वाटा मोठा असतो.

चित्रकथांमधील वृत्तपत्रांकडे आजवर केवळ पार्श्वभूमी म्हणून पाहिले गेले. वास्तविक, गेल्या सुमारे नऊ दशकांत खऱ्या वृत्तपत्रांचे जे झाले, त्याचे प्रतिबिंब या कल्पित वृत्तपत्रांत स्पष्टपणे पडलेले आहे. ठाण्यासारख्या झपाट्याने फुगत चाललेल्या शहरातील वाचकाला त्यातून स्वतःच्या शहराविषयी काही समजू शकते.

वृत्तपत्रांनी नाकारलेला नायक

सुपरमॅनचे जनक जेरी सीगल आणि जो शुस्टर यांची मूळ इच्छा आपली चित्रमालिका वृत्तपत्रांत छापून यावी, अशी होती. वृत्तपत्रांना चित्रमालिका पुरविणाऱ्या संस्थांनी ती वारंवार नाकारली. अखेर १९३८ साली पहिल्या तेरा पानांचे १३० डॉलर घेऊन त्यांनी हक्क विकले आणि 'अ‍ॅक्शन कॉमिक्स'च्या पहिल्या अंकात सुपरमॅन अवतरला. ज्या वृत्तपत्रांनी दार लावून घेतले, त्यांच्याच कचेरीत या जोडीने आपल्या नायकाला नोकरीला लावले, हा योगायोग गमतीचा म्हणावा लागेल. पहिल्या अंकांत या वृत्तपत्राचे नाव 'डेली स्टार' होते. शुस्टर लहानपणी टोरांटोत वृत्तपत्रे विकत असे, तेथील 'स्टार'वरून ते घेतले होते. १९४० मध्ये त्याचे 'डेली प्लॅनेट' झाले. संपादक पेरी व्हाइट आणि हरकाम्या पोऱ्या जिमी ओल्सन ही पात्रे त्याच वर्षी सुरू झालेल्या रेडिओ मालिकेतून चित्रकथेत आली.

नायकाला बातमीदार करण्यामागचे कारण व्यावहारिक होते. शहरात कोठे काय घडले, हे त्या काळी सर्वप्रथम वृत्तपत्राच्या कचेरीत कळत असे. शिवाय आर्थिक मंदीने होरपळलेल्या वाचकाच्या मनात बातमीदार हा बलाढ्यांना प्रश्न विचारणारा माणूस होता. सुरुवातीच्या अंकांतील सुपरमॅन परग्रहावरील राक्षसांशी लढत नाही. तो सिनेटरला हाताशी धरणाऱ्या दलालाच्या, कामगारांच्या जिवाची पर्वा न करणाऱ्या खाणमालकाच्या मागे लागतो. हे विषय कोणत्याही शहरातील बातमीदाराच्या वहीत आजही सापडतील.

नियुक्तिपत्र नसलेला छायाचित्रकार

१९६३ साली स्पायडर-मॅनच्या स्वतंत्र मालिकेच्या पहिल्या अंकात 'डेली ब्युगल'चा जे. जोना जेमसन वाचकांसमोर आला. हा तापट, चिक्कू गृहस्थ स्पायडर-मॅनला समाजकंटक ठरविण्यासाठी आपली सारी पाने खर्ची घालतो. त्याच्याकडे छायाचित्रे विकणारा पीटर पार्कर हाच स्पायडर-मॅन, हे त्याला ठाऊक नसते. पार्करला पगार नाही, नियुक्तिपत्र नाही. छायाचित्र पसंत पडले तर पैसे, अन्यथा रस्ता मोकळा. बातमीमागे मिळणाऱ्या तुटपुंज्या मानधनावर तालुक्याच्या ठिकाणी राबणाऱ्या आपल्याकडील अनेक वार्ताहरांना ही पद्धत समजावून सांगण्याची गरज नाही.

नीतिमत्तेच्या कसोटीवर मात्र हे दोन्ही नायक नापास होतात. क्लार्क केंट स्वतःविषयीच बातम्या लिहितो. पार्कर स्वतःचीच छायाचित्रे काढून विकतो. खऱ्या वृत्तपत्रात अशा कर्मचाऱ्याला दुसऱ्या दिवशी घरी बसविले जाईल. २०२५ च्या चित्रपटातील लोइसही क्लार्कला नेमके यावरूनच टोमणे मारते. या साऱ्या गोतावळ्यात खऱ्या अर्थाने बातमीदार कोणी असेल तर ती लोइस होय. तिच्यापाशी कोणतीही दैवी शक्ती नाही. चौकशी, चिकाटी आणि प्रश्न विचारण्याचे धारिष्ट्य, एवढ्याच भांडवलावर ती उभी आहे.

जेमसनलाही एक श्रेय द्यावयास हवे. २००२ च्या 'स्पायडर-मॅन' चित्रपटात ग्रीन गॉब्लिन हा खलनायक त्याचा गळा आवळून विचारतो, ही छायाचित्रे काढतो कोण? पार्कर काही क्षणांपूर्वीच तेथून गेलेला असतो. तरीही जेमसन नाव सांगत नाही. छायाचित्रे टपालाने येतात, अशी थाप मारतो. बातमीचा स्रोत न उघड करण्याचे तत्त्व एवढ्या सोप्या रीतीने क्वचितच मांडले गेले असेल. आपल्याकडे १९७८ च्या प्रेस कौन्सिल कायद्यातील कलम १५ अन्वये पत्रकाराला स्रोत उघड करण्याची सक्ती करता येत नाही, परंतु हे संरक्षण कौन्सिलसमोरील कामकाजापुरतेच आहे. न्यायालयासमोर त्याचा आधार मिळत नाही.

गायतोंडे ते गंगाधर

मराठी वाचकाची आणि महानायकाची भेटही एका वृत्तपत्रसमूहानेच घडवून आणली. 'टाइम्स ऑफ इंडिया'च्या प्रकाशकांनी मार्च १९६४ मध्ये 'इंद्रजाल कॉमिक्स' सुरू केले आणि मराठीसह अनेक भारतीय भाषांतून वेताळ, मॅन्ड्रेक घराघरांत पोहोचले. १९९० मध्ये हे प्रकाशन थांबले. वेताळ स्वतः जंगलात राहणारा, त्याला कचेरीची गरज नव्हती. मात्र त्याचा जन्मही १९३६ साली अमेरिकी दैनिकांतील चित्रमालिकेतच झालेला.

शहरी महानायक हिंदी पडद्यावर आला तो वृत्तपत्राला सोबत घेऊनच. शेखर कपूर यांच्या १९८७ मधील 'मिस्टर इंडिया'त श्रीदेवीने रंगविलेली सीमा ही पत्रकार आहे आणि अन्नू कपूर यांनी साकारलेल्या तिच्या वैतागलेल्या संपादकाचे नाव आहे गायतोंडे. मुंबईच्या वृत्तपत्रात मराठी आडनावाचा संपादक असावा, हे पटकथाकारांना स्वाभाविक वाटले असावे. दूरदर्शनवर १९९७ ते २००५ या काळात गाजलेल्या 'शक्तिमान'मध्ये तर 'आज की आवाज' हे दैनिकच कथेचे केंद्र होते. मुकेश खन्ना यांचा पंडित गंगाधर तेथे छायाचित्रकार आणि गीता विश्वास बातमीदार. गंगाधर हा क्लार्क आणि पीटर यांचाच देशी चुलतभाऊ होय. आज तिशी-चाळिशीत असलेल्या ठाणेकरांच्या पिढीने वृत्तपत्राची कचेरी प्रथम पाहिली ती या मालिकेत.

मालक बदलला, पाने बदलली

चित्रकथांच्या लेखकांचे व्यवसायातील उलथापालथीकडे किती बारीक लक्ष होते, हे पुढील घडामोडींवरून दिसते. १९७१ मध्ये मॉर्गन एज नावाच्या उद्योगपतीने 'डेली प्लॅनेट' ताब्यात घेतल्याचे दाखविले गेले आणि क्लार्क केंटची रवानगी दूरचित्रवाणीच्या बातम्या वाचण्यासाठी झाली. २००८ मध्ये जेमसनला हृदयविकाराचा झटका येतो. तो रुग्णालयात असताना त्याची पत्नी भागभांडवल विकते. नवा मालक 'डेली ब्युगल'चे नाव तोडून 'द डीबी' करतो, पाने तारेतारकांच्या भानगडींनी भरतो आणि जुनेजाणते सहकारी बाहेर पडतात. २०१२ मध्ये क्लार्क केंटनेच 'प्लॅनेट'चा राजीनामा दिला. बातमीपेक्षा करमणुकीला प्राधान्य मिळते, ही त्याची तक्रार होती. पुढे २०१९ च्या 'स्पायडर-मॅन : फार फ्रॉम होम' या चित्रपटात 'ब्युगल' हे छापील वृत्तपत्र उरलेलेच नाही. जेमसन एका सनसनाटी संकेतस्थळावरून थेट प्रेक्षकांवर ओरडतो आणि शहानिशा न करता एका मृत कारस्थान्याने धाडलेली बनावट चित्रफीत प्रसारित करतो. स्रोताला वाचविण्यासाठी थाप मारणारा २००२ चा जेमसन आणि खोट्या चित्रफितीला सत्य म्हणून मिरविणारा २०१९ चा जेमसन, दोघांची भूमिका जे. के. सिमन्स यांनीच केली आहे. सतरा वर्षांत चेहरा तोच राहिला, संस्था मात्र मोडली.

कवच कोणाचे?

या साऱ्या कथांतील सर्वात अस्वस्थ करणारे पात्र 'डेअरडेव्हिल'मधील बेन युरिक हे आहे. १९८६ मधील 'बॉर्न अगेन' या कथानकात किंगपिन नावाच्या गुन्हेगार सम्राटाविषयी लिहू नये म्हणून युरिकची बोटे मोडली जातात. २०१५ च्या दूरचित्रवाणी मालिकेत हाच किंगपिन जुन्या इमारतींतील भाडेकरूंना हुसकावून वस्तीचा 'पुनर्विकास' करू पाहतो. संपादक युरिकची बातमी छापत नाही, उलट त्यालाच कामावरून काढतो. आता ब्लॉगवर लिहीन, असे ठरवून युरिक घरी येतो आणि त्याच रात्री त्याचा गळा आवळला जातो. संस्थेचे कवच निघताच तो एकाकी पडला, हा या प्रसंगाचा अर्थ.

महाराष्ट्रात ही केवळ कथा नाही. ११ जून २०११ रोजी 'मिड-डे'चे ज्येष्ठ गुन्हेवार्ताहर ज्योतिर्मय डे यांची पवईत भरदिवसा गोळ्या घालून हत्या झाली. २०१८ मध्ये विशेष न्यायालयाने छोटा राजनसह नऊ जणांना जन्मठेप सुनावली. ६ फेब्रुवारी २०२३ रोजी राजापूर येथे 'महानगरी टाइम्स'चे शशिकांत वारिसे यांच्या दुचाकीला मोटारीने धडक दिली आणि दुसऱ्या दिवशी त्यांचा मृत्यू झाला. रिफायनरी प्रकल्पाच्या समर्थकाविषयीची त्यांची बातमी त्याच दिवशी प्रसिद्ध झाली होती. या प्रकरणी खुनाचा गुन्हा दाखल झाला. ऑगस्ट २०२४ मध्ये आपल्याच जिल्ह्यातील बदलापुरात शाळेतील अत्याचार प्रकरणाचे वार्तांकन करणाऱ्या महिला पत्रकाराला एका माजी नगराध्यक्षाने अश्लाघ्य भाषेत हिणविल्याचा आरोप झाला आणि तेथेही गुन्हा दाखल झाला.

पत्रकारांवरील हल्ल्यांविरोधात स्वतंत्र कायदा करणारे महाराष्ट्र हे देशातील पहिले राज्य ठरले. २०१७ मध्ये विधिमंडळाने तो मंजूर केला आणि राष्ट्रपतींच्या संमतीनंतर २०१९ मध्ये तो अस्तित्वात आला. हल्लेखोरास तीन वर्षांपर्यंत कैद किंवा पन्नास हजार रुपयांपर्यंत दंड, अशी त्यात तरतूद आहे. मात्र कायद्याचे कलम हल्ला झाल्यावर कामी येते. हल्ला होण्यापूर्वी बातमीदाराला वाचविते ती त्याच्यामागे उभी असलेली संस्था आणि त्या संस्थेमागे उभा असलेला वाचक.

माजिवड्याचे 'प्लॅनेट'

'डेली प्लॅनेट' आणि 'ब्युगल' ही दोन्ही मुळात एका शहराची वृत्तपत्रे आहेत, हे येथे लक्षात घ्यावयास हवे. ठाण्याला ही परंपरा नवी नाही. १८६६ साली काशिनाथ विष्णू फडके यांनी येथून 'अरुणोदय' साप्ताहिक सुरू केले. विनोद आणि टीका यांना वाहिलेले 'हिंदू पंच'ही ठाण्यातूनच निघत असे. म्हणजे सुपरमॅनच्या जन्माआधी कित्येक दशके हे शहर सत्ताधीशांना छापील चिमटे काढीत होते.

आजचे चित्र कसे आहे? पूर्व द्रुतगती महामार्ग, नाशिककडे जाणारा रस्ता आणि घोडबंदर रस्ता माजिवड्यात एकत्र येतात. गावठाणाभोवती टोलेजंग संकुले उभी राहिली. मेट्रो-४ च्या कामाने रस्त्याचे रूप वर्षानुवर्षे विस्कटले. हे सारे घडत असताना ठाणे महापालिकेची मुदत मार्च २०२२ मध्ये संपली आणि पुढील काही वर्षे कारभार प्रशासकाच्या हाती राहिला. नगरसेवक नाहीत, महासभेतील गदारोळ नाही. अशा काळात निविदेचा कागद मागणारा आणि माजिवडा-मानपाडा प्रभाग समितीच्या कार्यालयात जाऊन विचारणा करणारा बातमीदार हाच नागरिकांचा एकमेव प्रश्नकर्ता ठरतो. नेमक्या त्याआधी, एप्रिल २०२० मध्ये टाळेबंदीत राज्य सरकारने घरोघरी वृत्तपत्र टाकण्यास मनाई केली होती. ती पुढे उठली, परंतु अनेक घरांतील सकाळच्या अंकाची सवय कायमची मोडली. ती जागा गृहसंकुलांच्या व्हॉट्सअ‍ॅप गटांनी घेतली. नाक्यावर कोंडी झाली, हे या गटावर दोन मिनिटांत कळते, यात शंका नाही. ती कोंडी कोणत्या निर्णयामुळे झाली, कंत्राट कोणाचे, मुदत किती वेळा वाढवली, हे मात्र तेथे कोणी शोधून काढत नाही. तेथे संपादक नसतो आणि चुकीच्या मजकुराची जबाबदारीही कोणाची नसते. २०१९ चा जेमसन तेथे घरोघरी आढळतो.

चित्रकथेत वृत्तपत्र कोलमडले तरी फारसे बिघडत नाही, कारण शेवटच्या पानावर उडत येणारा कोणीतरी असतो. घोडबंदर रस्त्यावर असा कोणी येणार नाही. येथे आहे तो दुचाकीवरून फिरणारा, माहिती अधिकाराचा अर्ज लिहिणारा, दोन अधिकाऱ्यांकडून खातरजमा करून मगच बातमी देणारा साधा माणूस. त्याला महाशक्ती नको आहे. त्याच्या बातमीची किंमत मोजण्याची तयारी असलेला वाचक आणि अडचणीच्या रात्री त्याचा फोन उचलणारा संपादक, एवढे त्याला पुरेसे आहे. ते मिळणार नसेल, तर शहराला प्रश्न विचारणारे कोणी का उरले नाही, अशी तक्रार करण्याचा अधिकारही आपल्याला उरणार नाही.