पस्तिशीची अट आणि शंभर सह्या

भारताचा राष्ट्रपती होण्यासाठी किती वर्षे पुरी व्हावी लागतात, हे स्पर्धा परीक्षेला बसणारा कोणताही मुलगा सांगेल. पस्तीस. राज्यघटनेचे ५८ वे कलम तसे उदार आहे. उमेदवार भारताचा नागरिक हवा, त्याला ३५ वर्षे पूर्ण हवीत, लोकसभेवर निवडून येण्यास तो पात्र हवा आणि सरकारी लाभाच्या पदावर नको. शिक्षणाची अट नाही, वरची वयोमर्यादाही नाही.

परीक्षेत न विचारला जाणारा प्रश्न वेगळाच आहे. या पस्तिशीचा लाभ आजवर किती जणांना झाला? एकालाही नाही. आजवरच्या सर्वांत तरुण राष्ट्रपती म्हणजे द्रौपदी मुर्मू. २५ जुलै २०२२ रोजी शपथ घेताना त्यांना ६४ वर्षे पूर्ण झाली होती. त्याआधी हा मान नीलम संजीव रेड्डी यांचा होता. १९७७ मध्ये तेही चौसष्टच वर्षांचे होते. माझ्यासारख्या बँकेतल्या माणसाला साठाव्या वर्षी नारळ मिळतो. राष्ट्रपतिभवनाच्या हिशेबाने तो तेव्हा अजून कोवळाच असतो.

घटनाकारांना तरुण राष्ट्रपती नको होता, असे म्हणावे तर अट पस्तिशीची का ठेवली? इटलीने ५० ची ठेवली, पाकिस्तानने ४५ ची, जर्मनीने ४० ची. आपण अमेरिकेइतकीच, म्हणजे ३५ ची ठेवली. फ्रान्सने तर २०११ मध्ये ती १८ वर आणली आणि २०१७ मध्ये एकोणचाळीस वर्षांचा अध्यक्ष निवडला. तिथे जनता मत देते. आपल्याकडे खासदार आणि आमदार देतात. फरक नेमका इथे आहे.

आपल्या वाशिम जिल्ह्याचेच पाहा. गावचा सरपंच व्हायला २१ वर्षे पुरतात. पण महाराष्ट्राने त्याच्यावर दोनच अपत्यांची अट घातली आणि नव्या पिढीतल्या उमेदवाराला सातवी पास असण्याचीही. सरपंच थेट जनतेतून निवडण्याची पद्धत २०१७ मध्ये सुरू झाली, २०२० मध्ये बंद झाली आणि २०२२ मध्ये पुन्हा आली. म्हणजे ग्रामपंचायतीच्या उंबरठ्यावर कागदांची थप्पी आहे, पण दार लोकांच्या हातात आहे. राष्ट्रपतिपदाचा उंबरठा कागदावर अगदी ठेंगणा आहे. तिथल्या दाराची किल्ली मात्र दुसऱ्याच्याच कमरेला.

ही किल्ली कशी तयार झाली तेही पाहण्यासारखे आहे. १९६७ च्या निवडणुकीत १७ उमेदवार होते आणि त्यांतल्या नऊ जणांना एकही मत मिळाले नाही. हौशे-गवसे उभे राहतात, निवडणुकीचे हसे होते, म्हणून १९७४ मध्ये कायदा बदलला. अर्जावर दहा सूचक व दहा अनुमोदक हवेत आणि अनामत २,५०० रुपये, असे ठरले. १९७७ मध्ये ३७ अर्ज आले, ३६ बाद झाले आणि रेड्डी बिनविरोध निवडून आले. तेवढ्यावरही समाधान झाले नाही. १९९७ मध्ये सूचक पन्नास, अनुमोदक पन्नास आणि अनामत १५,००० रुपये झाली. हे शंभरही जण मतदार, म्हणजे आमदार-खासदारच हवेत आणि एका मतदाराची सही एकाच उमेदवाराला चालते.

बँकेत जामीनदार मागतात ते कर्ज बुडू नये म्हणून. जामीनदारांची संख्या वाढवत नेली, की एक वेळ अशी येते, की ज्याला कर्जाची गरजच नाही त्यालाच ते मिळते. शंभर सह्यांनी हौशे गेले हे खरे. पण पक्ष पाठीशी नसलेला एखादा चाळिशीतला शास्त्रज्ञ, शिक्षक किंवा न्यायाधीशही त्याच चाळणीतून खाली पडला. पस्तिशीची अट घटनेत राहिली, तिचा अर्थ गेला.

याच निवडणुकीला एके काळी केवढा जिवंतपणा होता! १९६९ मध्ये काँग्रेसचे अधिकृत उमेदवार होते संजीव रेड्डी, वय ५६. त्यांच्याविरुद्ध पंचाहत्तरीचे व्ही. व्ही. गिरी. तिसरे उमेदवार आपले चिंतामणराव देशमुख. रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर, मुंबईच्या प्रश्नावर १९५६ मध्ये अर्थमंत्रिपद सोडणारे. पंतप्रधान इंदिरा गांधी यांनी सदसद्विवेकाला स्मरून मत देण्याचे आवाहन केले आणि पक्षाची शिस्त मोडली. विजयासाठी ४,१८,१६९ इतके मतमूल्य लागणार होते. पहिल्या मोजणीत ते कोणालाच मिळाले नाही. देशमुखांच्या मतपत्रिकांवरील पुढची पसंती मोजावी लागली, तेव्हा गिरी ४,२०,०७७ वर पोचले. इंदिराबाईंच्या त्या खेळीत राजकारण नव्हते असे कोणी म्हणणार नाही. पण मतपेटी उघडेपर्यंत निकाल ठाऊक नव्हता, एवढे तरी खरे.

कायद्याने ते स्वातंत्र्य आजही शाबूत आहे. मतदान गुप्त आहे आणि पक्षाला व्हिप काढता येत नाही. २००७ मध्ये भाजपसोबत असूनही शिवसेनेने मराठी उमेदवार म्हणून प्रतिभाताई पाटील यांना मते दिली. शिवसेना आघाडीबाहेर वागली, पण तोही पक्षाचाच निर्णय होता. प्रतिभाताई १९६२ मध्ये सत्ताविसाव्या वर्षी आमदार झाल्या, पुढे आपल्या शेजारच्या अमरावतीच्या खासदार झाल्या. राष्ट्रपतिपदाची वयाची अट त्यांनी १९६९ च्या डिसेंबरात पूर्ण केली. पद मिळाले बहात्तराव्या वर्षी. पात्रता आणि संधी यांच्यामध्ये सदतीस वर्षे गेली.

मग वयाची अट बदलावी काय? माझे मत, नको. ती तीसवर आणली तरी पक्ष सत्तरीचाच माणूस देतील आणि पन्नासवर नेली तरी तेच करतील. वरची मर्यादा घालण्यातही अर्थ नाही. नव्या कल्पना सत्तरीतही सुचतात आणि लाचारी तिशीतही येते. बदलायच्या त्या शंभर सह्या. अनामत हवी तर वाढवावी, पण सूचक-अनुमोदक पुन्हा दहा-दहावर आणावेत आणि ते निदान पाच राज्यांतले असावेत. म्हणजे हौशे आपोआप गळतील आणि पक्षाबाहेरच्या लायक माणसाला वाट मिळेल.

राहिला आपला वाटा. वाशिम, रिसोड आणि कारंजा या तीन मतदारसंघांचे आमदार या निवडणुकीत मत देतात. १९७१ च्या लोकसंख्येवर मोजलेले महाराष्ट्राच्या एका आमदाराचे मतमूल्य १७५ आहे, म्हणजे जिल्ह्याचे ५२५. २०२२ मध्ये देशाचे एकूण मतमूल्य १०,८६,४३१ होते. त्यात आपला वाटा चिमूटभर. पण तो आपला आहे, आमदाराच्या पक्षाचा नव्हे. वाशिमने स्वतंत्र जिल्हा होण्यासाठी १९९८ पर्यंत वाट पाहिली. आमदार त्या मताचे काय करतो, हे विचारायला तेवढा वेळ लावण्याचे कारण नाही.

पुढची निवडणूक २०२७ च्या जुलैपर्यंत व्हायची आहे. रस्त्यासाठी, पाण्यासाठी, पीकविम्यासाठी आपण आमदाराच्या दारी जातो, ते योग्यच आहे. त्याच फेरीत आणखी एक प्रश्न विचारावा: आमचे १७५ तुम्ही कोणाला देणार, आणि का? मतदान गुप्त आहे म्हणून त्याला उत्तर टाळता येईल. पण प्रश्न गावोगाव विचारला गेला, तर उमेदवार ठरवणाऱ्यांना तो ऐकू जाईल.