प्रतिभाताई पाटील राज्यसभेच्या खुर्चीवर कशा पोहोचल्या? आणि महिला आरक्षणाने ती वाट सोपी होईल का?

25 जुलै 1987. उपराष्ट्रपती आर. वेंकटरमण राष्ट्रपती झाले आणि राज्यसभेच्या सभापतिपदाची खुर्ची रिकामी झाली. शंकरदयाळ शर्मा नवे उपराष्ट्रपती म्हणून येईपर्यंत, म्हणजे 2 सप्टेंबरपर्यंत, ही जबाबदारी उपसभापतींकडे होती. त्या उपसभापती होत्या प्रतिभा पाटील. माहेर जळगावचं, सासर अमरावतीचं.

त्यांची ओळख आज 'पहिल्या महिला राष्ट्रपती' एवढ्यावरच थांबते. पण त्याआधीचा त्यांचा सभागृहातला प्रवास जास्त सांगण्यासारखा आहे. मुंबईच्या शासकीय विधी महाविद्यालयातून एलएलबी, मग जळगावच्या कोर्टात वकिली. 1962 मध्ये, वयाच्या 27 व्या वर्षी, त्या आमदार झाल्या. पुढे एदलाबादमधून (आताचं मुक्ताईनगर) सलग चार वेळा निवडून आल्या. मंत्रिपदं मिळाली, 1979-80 मध्ये विधानसभेचं विरोधी पक्षनेतेपदही सांभाळलं. 1985 मध्ये राज्यसभा, 1986 मध्ये उपसभापतिपद. 1988 मध्ये ते सोडून प्रदेश काँग्रेसचं अध्यक्षपद. आणि 1991 मध्ये थेट अमरावतीच्या खासदार.

इथे वकिलीचा उपयोग काय? पीठासीन अधिकाऱ्याला भाषणं ठोकायची नसतात. कुणाचा हरकतीचा मुद्दा नियमात बसतो, कुठला शब्द कामकाजातून काढायचा, हे तिथल्या तिथे ठरवायचं असतं. मत द्यायचं तेही दोन्ही बाजूंना समान मतं पडली तरच. या खुर्चीवर कायदा शिकलेल्या बायका वारंवार दिसतात, तो योगायोग वाटत नाही. राज्यसभेच्या पहिल्या महिला उपसभापती व्हायोलेट अल्वा (1962) वकील होत्या. लोकसभेच्या दोन्ही महिला अध्यक्ष, मीरा कुमार आणि चिपळूणला जन्मलेल्या सुमित्रा महाजन, कायद्याच्या पदवीधर आहेत.

आता वऱ्हाडात येऊ. 1980 ते 2024 या काळात लोकसभेच्या 12 निवडणुका झाल्या. अमरावतीने त्यात चारदा महिला निवडून दिली: उषा चौधरी (1980, 1984), प्रतिभा पाटील (1991) आणि नवनीत राणा (2019). शेजारच्या अकोल्याने? एकदाही नाही. वैराळे, फुंडकर, आंबेडकर, मग संजय धोत्रे चार वेळा आणि 2024 मध्ये त्यांचे पुत्र अनुप. दोन्ही शहरांत शंभरेक किलोमीटरचं अंतर. त्यामुळे 'वऱ्हाडी मतदार बाईला मत देत नाही' हे कारण टिकत नाही. अडतं ते तिकिटावर.

सप्टेंबर 2023 मधल्या 106 व्या घटनादुरुस्तीचा रोख नेमका इथेच आहे. लोकसभा आणि विधानसभांत एक तृतीयांश जागा महिलांसाठी, म्हणजे महाराष्ट्राच्या आजच्या 48 पैकी 16. 2024 मध्ये राज्यातून सात जणी निवडून आल्या होत्या. अनुसूचित जातींच्या राखीव जागांतही हाच हिस्सा असेल. अमरावती 2009 पासून राखीव आहे, त्यामुळे तिथे दुहेरी आरक्षण लागू होऊ शकतं. मात्र कायद्यातच अट आहे: आधी जनगणना, मग मतदारसंघांची फेररचना. म्हणून 2024 ची निवडणूक जुन्याच पद्धतीने झाली.

आणखी एक गोष्ट फारशी बोलली जात नाही. हे आरक्षण राज्यसभेला आणि विधान परिषदेला लागू नाही, पीठासीन पदांना तर नाहीच. विधेयकावर चर्चा झाली तेव्हा राज्यसभेत 13 महिलांचं तालिका मंडळ नेमलं गेलं, फोटोही भरपूर फिरले. पण 2004 मध्ये नजमा हेपतुल्ला पायउतार झाल्यावर उपसभापतिपदी आले ते रहमान खान, कुरियन आणि हरिवंश. महाराष्ट्र विधानसभेला तर आजवर एकही महिला अध्यक्ष मिळालेली नाही.

प्रतिभाताईंना ती खुर्ची मिळाली, त्यामागे आमदारकीची 23 वर्षं होती आणि दिल्लीतल्या पक्षश्रेष्ठींचा विश्वासही होता. आरक्षणातून निवडून आलेल्या खासदाराला पहिली गोष्ट मिळणं अवघड आहे, कारण प्रत्येक फेररचनेनंतर राखीव जागा फिरणार आहेत. एकाच मतदारसंघात 20-25 वर्षं काढायची कशी, याचं उत्तर कायद्यात नाही.