ऑइल कुठे घालायचे?

पंचवीस वर्षे मी टू-स्ट्रोक स्कूटर चालवली. पेट्रोल पंपावर ‘दोन टक्के ऑइल टाका’ असे अधिकारवाणीने सांगण्यात माझा हात धरणारा अमरावतीत दुसरा नसेल. हीच विद्या मला यंदाच्या श्रावणात भोवली.

अकोल्याच्या भाऊजींनी गवत कापायचे पेट्रोलचे नवे यंत्र घेतले. आमच्या अंगणातली हिरवळ घोट्यावर आल्याचे ऐकून ताईने पेटीसुद्धा न उघडता ते आधी आमच्याकडे धाडले. “जपून वापर हो,” एवढेच म्हणाली. मी जपूनच वागलो! लिटरभर पेट्रोलात २० मिलिलिटर ऑइल मोजून मिसळले आणि दोरी ओढली. यंत्र सात-आठ मिनिटे चालले, एकदा कण्हले आणि थांबले. पुन्हा दोरी तसूभर हलेना.

मिस्त्रीने डिपस्टिक बाहेर काढली. कोरडी ठणठणीत!

“साहेब, याच्यात तं ऑइलचा थेंबबी नाई. पेट्रोलात काहाले टाकलं?”

स्कूटरच्या त्या जुन्या इंजिनाला ऑइल पेट्रोलाबरोबरच पोचायचे. हे इंजिन फोर-स्ट्रोक. त्याचे ऑइल खाली वेगळे राहते, आणि नवे यंत्र बहुधा ऑइलशिवायच येते. माहितीपुस्तकात हे ठळक अक्षरांत होते. पण पुस्तक वाचून यंत्र चालवणे हे पुरुषजातीला कमीपणाचे वाटते, असे आमच्या सौभाग्यवतींचे मत आहे. कनेक्टिंग रॉड आणि पिस्टन, दोन्ही नवे घालावे लागले.

आता ऑइल कोणते? दुकानदाराने १०डब्ल्यू-३० पुढे केले. त्यातला ‘डब्ल्यू’ म्हणजे विंटर. कडक थंडीतही ते पातळ राहते. मे महिन्यात पंचेचाळिशी ओलांडणाऱ्या वऱ्हाडाला हे कौतुक काय कामाचे? इंजिन केवळ हवेवर थंड होणारे, आणि उन्हाच्या तापात असे ऑइल जास्त जळते. पुस्तकाची संमती पाहून मी साधे एसएई ३० घेतले. लागते जेमतेम अर्धा लिटर. जास्त भरले तर निळा धूर निघतो, म्हणून यंत्र सपाट जागी ठेवून, इंजिन थंड असताना, डिपस्टिक पुसून पुन्हा घालून पाहायची. तीही दर वेळी.

पहिले ऑइल पाच तासांच्या कामानंतर बदलावे. नव्या भागांचा धातूचा कीस त्यात उतरतो. अशा लहान इंजिनांना बहुधा फिल्टर नसतो, तेव्हा घाण आतच फिरते. दिवाळीनंतर यंत्र अडगळीत जाते; त्याआधी इंजिन कोमट असतानाच काळे ऑइल काढावे. प्लगची वायर आधी सोडवावी आणि यंत्र कलते करताना प्लग वरच्या बाजूला ठेवावा, नाहीतर ऑइल एअर फिल्टरमध्ये शिरते. काढलेले ऑइल गटारात नको. मी ते डब्यात भरून गॅरेजवाल्याला दिले.

भाऊबीजेला यंत्र घेऊन अकोल्याला जायचे आहे. ताईला अजून काहीच सांगितलेले नाही. मात्र हा अंक त्यांच्याकडे दरवर्षी भाऊबीजेच्या आधी पोचतो.