कुक्कुटशाळा : शेड एकाची, पक्षी दुसऱ्याचे

मध्य प्रदेशातील एखाद्या गावाशेजारी कोंबड्यांची शेड उभी राहते. काही दिवसांत अमोनियाचा दर्प आणि माश्या घरांत शिरू लागतात आणि ग्रामस्थ अर्ज घेऊन निघतात. जायचे कोठे, हा त्यांच्यापुढील पहिला पेच. तालुक्याला उपविभागीय दंडाधिकारी आहेत, भोपाळला राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाचे पीठ आहे आणि जबलपूरला उच्च न्यायालय. दाद मागण्याची दारे तीन. पण वादाचे मूळ शेड उभी राहण्यापूर्वीच्या परवानगीत आहे.

राज्य पुनर्रचनेत नागपूरचे उच्च न्यायालय १९५६ मध्ये मध्य प्रदेशाचे होऊन जबलपूरला गेले. हरित न्यायाधिकरणाचे पीठ मात्र भोपाळला आले. ते जबलपूरला हलवावे, ही उच्च न्यायालयातील वकील संघटनेची मागणी सर्वोच्च न्यायालयाने मे २०२२ मध्ये फेटाळली. त्याच निकालाने, न्यायाधिकरण असले तरी उच्च न्यायालयाचा अनुच्छेद २२६ खालील अधिकार अबाधित राहतो, हेही स्पष्ट केले. तात्पर्य, भोपाळ लांब पडले तरी जबलपूरचे दार बंद झालेले नाही.

दंडाधिकाऱ्यांचा मार्ग याहून जुना आहे. रतलाम नगरपालिकेच्या खटल्यात १९८० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सार्वजनिक उपद्रव हटविणे हे प्रशासनाचे कर्तव्य ठरविले. पैसा नाही ही सबब चालली नाही. पुढे जल आणि वायू प्रदूषणाचे स्वतंत्र कायदे आल्यामुळे दंडाधिकाऱ्यांचा हा अधिकार लोपला, असे मध्य प्रदेश उच्च न्यायालयाने म्हटले. सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्ये केडिया लेदर खटल्यात ते मत रद्द केले. फौजदारी संहितेचे तेव्हाचे कलम १३३ आज नागरिक सुरक्षा संहितेत कलम १५२ म्हणून नांदते आहे. सारांश, मंडळाची संमती हातात आहे किंवा ती लागतच नाही, एवढ्यावर शेडमालक उपद्रवाच्या तक्रारीतून सुटत नाही.

मग संमती कोणाला लागते? केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने एक लाखाहून कमी पक्ष्यांच्या शेडना संमतीतून सूट दिली होती. सप्टेंबर २०२० मध्ये हरित न्यायाधिकरणाने या सवलतीचा फेरविचार करण्यास सांगितले. त्यानंतरच्या सुधारित तत्त्वांनी संमतीची रेषा एका ठिकाणच्या २५ हजार पक्ष्यांवर आणली. पाच ते २५ हजारांच्या शेडनी तत्त्वे पाळावयाची, पण मंडळाची पूर्वसंमती नको, अशी ही व्यवस्था. गावकऱ्याच्या नाकाला आकड्याची ही रेषा कळत नाही. वाऱ्याच्या दिशेला, घरांना खेटून असलेली वीस हजारांची शेड ही माळावरच्या चाळीस हजारांच्या शेडपेक्षा अधिक जाच करू शकते.

त्यात व्यवसायाचे रूप पालटले आहे. २०१९ च्या पशुगणनेत देशात ८५ कोटींहून अधिक कोंबड्या व तत्सम पक्षी मोजले गेले. त्यांतील मोठा भाग व्यापारी संगोपनातला. ब्रॉयलरमध्ये करार पद्धत रुजली आहे. पिल्ले, खाद्य आणि औषधे कंपनीची; शेड, वीज आणि श्रम शेतकऱ्याचे. शेतकऱ्याला वजनावर संगोपन शुल्क मिळते. पक्षी कंपनीचे असले तरी नोटीस येते ती शेडच्या मालकाला. कंपनीचे लाखो पक्षी अनेक गावांतील लहान लहान शेडमध्ये विभागले, की प्रत्येक शेड रेषेखाली राहते. शेड बंद झाली तर बँकेचा हप्ता शेतकऱ्याच्या माथी राहतो. कंपनी पुढची पिल्ले दुसऱ्या गावात उतरविते. गाव आणि शेतकरी एकमेकांविरुद्ध उभे ठाकतात, आणि तिसरा पक्ष सुनावणीत दिसतही नाही.

दिल्लीचे लक्ष मात्र दुसरीकडे आहे. पाणी राज्यसूचीत असल्याने १९७४ चा जल प्रदूषण कायदा संसदेने राज्यांच्या ठरावांवरून, अनुच्छेद २५२ खाली केला. २०२४ च्या दुरुस्तीने त्यातील अनेक अपराधांची कैद जाऊन १० हजार ते १५ लाख रुपयांचा दंड आला आणि काही वर्गांतील उद्योगांना संमतीतून वगळण्याचा अधिकार केंद्राला मिळाला. ही दुरुस्ती आरंभी हिमाचल प्रदेश, राजस्थान व केंद्रशासित प्रदेशांना लागू झाली. इतर राज्यांसाठी वाट ठरावाची. व्यवसायसुलभतेचा हा ओघ समजण्याजोगा आहे. परंतु आधीची तपासणी सैल होत गेली, तर भार नंतरच्या खटल्यांवर पडणार, हे उघड आहे.

उपाय फार खर्चाचा नाही. शेडचा पाया घालण्यापूर्वी ग्रामपंचायत, पशुसंवर्धन विभाग आणि मंडळ यांनी मिळून जागा पाहावी. अंतर, वारा, विहिरी आणि विष्ठेची विल्हेवाट तपासावी. कराराखालील शेडच्या नोंदीत कंपनीचे नाव यावे आणि दायित्वही. पशुसंवर्धन आणि पंचायती हे दोन्ही राज्याच्या अखत्यारीतील विषय असल्याने भोपाळच्या सरकारला यासाठी संसदेची वाट पाहण्याचे कारण नाही. ते झाले नाही, तर न्यायालये शेड बंद करीत राहतील, आणि ज्याच्या मालकीचे पक्षीही नव्हते तो शेतकरी कर्ज फेडीत राहील.